कमी ऐकू येणाऱ्या मुलाचा आय क्यू ६२ आलाय, हा आकडा खरा मानायचा का?

सहा_वर्षांच्याची_आई

नमस्कार, इथे पहिल्यांदाच लिहितेय, लांबलं तर सांभाळून घ्या. माझा मुलगा सहा वर्षं चार महिन्यांचा आहे. दोन्ही कानांनी कमी ऐकू येतं हे आम्हाला तो साडेतीन वर्षांचा झाल्यावर कळलं, तोपर्यंत सगळे म्हणायचे मुलगे उशिराच बोलतात, याचा बाप पण उशिराच बोलला, आणि आम्हीही थांबलो, ते आजही मनातून जात नाही. मग बेरा झाली (कानापासून मेंदूपर्यंत आवाज पोचतो का ती तपासणी), किती ऐकू येतं त्याचा ऑडिओग्राम झाला, दोन्हीकडे ७५-८० डेसिबलचा लॉस निघाला आणि कानाची मशीन लागली. स्पीच थेरपी चालू आहे पण सेंटर लांब असल्यामुळे आठवड्यातून एकदाच जमतं. आता साठ-सत्तर शब्द येतात, दोन शब्द जोडून बोलतो, "आई पाणी", "गाडी गेली" असं.

पहिलीत आहे, साध्या मराठी शाळेत. गेल्या महिन्यात बाई म्हणाल्या की शिकवलेलं काही डोक्यात जात नाही, एकदा आय क्यू करून आणा. एका खासगी क्लिनिकमध्ये नेलं. मला बाहेर बसवलं, तो अर्धा तास आत होता. रिपोर्टवर बिने-कामत टेस्ट असं लिहिलंय, आय क्यू ६२, सौम्य बौद्धिक अक्षमता. शाळेने तो कागद बघितला आणि आता म्हणतायत की मतिमंद मुलांच्या शाळेत घाला, तिथे त्याला बरं पडेल.

मी त्याच्याकडे दिवसभर बघते म्हणून मला हे पटत नाहीये. एकच गोष्ट सांगते. त्याला कुकरची शिट्टी ऐकू येत नाही, म्हणजे मशीन नसताना तर अजिबातच नाही. पण डाळ-भाताचा कुकर लावला की हा ओट्यासमोर स्टूल टाकून बसतो आणि वरच्या वजनाकडे बघत राहतो, ते उचललं गेलं आणि वाफ निघाली की एक बोट मोडतो, परत उचललं की दुसरं, आणि तिसऱ्याला मला पदराला ओढत आणतो आणि गॅसकडे बोट दाखवतो. हे त्याला कोणी शिकवलेलं नाही. मी तीन शिट्ट्यांना गॅस बंद करते हे त्याने नुसतं बघून ठरवलं. हरभऱ्याला मी जास्त शिट्ट्या घेते, तर तेव्हा तो तिसऱ्याला येत नाही, भांड्यात काय घातलंय ते आधी वाकून बघतो!

नातेवाईक म्हणतात आईचं मन असतं, मानून घे. मानायला मी तयार आहे, खरंच तसं असेल तर मी त्याप्रमाणे त्याचं करेन. पण ही टेस्ट अशा मुलासाठी बरोबर होती का, न बोलता करायची काही टेस्ट असते का, आणि ती कुठे होते, एवढं कोणी सांगाल का?

शब्दाविना

ताई, मी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट आहे, मुलांच्याच टेस्ट करते. तुमच्या मुलाला न बघता त्याची बुद्धी किती हे मी सांगू शकत नाही आणि इथे कोणी सांगितलं तर ऐकूही नका. पण ज्या टेस्टवरून हा आकडा काढलाय तिच्याबद्दल नक्की सांगते.

बिने-कामत म्हणजे व्ही. व्ही. कामत यांनी १९३० च्या दशकात धारवाडकडे मराठी आणि कानडी मुलांसाठी बसवलेली टेस्ट. तिच्यात बराचसा भाग बोलण्याचा आहे. वस्तूंची नावं सांग, प्रश्न समजून घेऊन तोंडी उत्तर दे, आकडे ऐकून परत म्हण, दोन गोष्टींत फरक काय ते सांग. ज्याला घरात जन्मापासून मराठी ऐकू आली त्याच्यासाठी हे ठीक आहे. तुमच्या मुलाच्या कानावर भाषा पडायला लागून जेमतेम अडीच-पावणेतीन वर्षं झालीत, स्पीचवाले याला हिअरिंग एज म्हणतात, ते तुमच्या थेरपिस्टनी सांगितलं असेलच. म्हणजे जवळपास तीन वर्षांच्या भाषेवर सहा वर्षांचे प्रश्न विचारले आणि उत्तरं आली नाहीत म्हणून बुद्धी कमी ठरवली. त्या ६२ मध्ये ऐकण्यातली तूट आणि विचारातली तूट दोन्ही मिसळल्यात, आणि त्या वेगळ्या करायची त्या टेस्टमध्ये सोय नाही.

न बोलता करायच्या टेस्ट असतात आणि त्या काही नव्या नाहीत. १९१४ च्या सुमाराला अमेरिकेत एलिस बेटावर बोटीने उतरणाऱ्या हजारो परदेशी लोकांना तपासायचं होतं, एकाची भाषा दुसऱ्याला कळत नाही, तेव्हा हॉवर्ड नॉक्स नावाचे डॉक्टर समोर चार लाकडी ठोकळे ठेवून ते एका क्रमाने टिचकवायचे आणि समोरच्याने तसंच करून दाखवायचं. १९१७ साली पिंटनर आणि पॅटरसन यांनी अशा ठोकळ्यांच्या, तुकडे जोडण्याच्या कामांची अख्खी मालिका बांधली, आणि पिंटनर तर बहिऱ्या मुलांबरोबरच काम करायचे. तेव्हापासून हा प्रश्न आणि त्याचं उत्तर दोन्ही माहिती आहेत, म्हणून असे रिपोर्ट बघितले की मला फार वाईट वाटतं.

तुमच्या मुलाच्या वयाला आपल्याकडे सहज मिळण्यासारखं म्हणजे रेव्हनची रंगीत मॅट्रिसेस. ३६ चित्रं असतात, प्रत्येक नक्षीतला एक तुकडा गायब आणि खाली सहा तुकडे, त्यातला बसणारा दाखवायचा. बोट दाखवलं तरी पुरतं. दुसरं सेग्विनचा फॉर्म बोर्ड, लाकडी पाटात दहा आकार बसवायचे. तिसरं, मॅलिनची टेस्ट, मिसिक म्हणतात तिला, आपल्या नागपूरच्या डॉ. मॅलिन यांनी १९६९ मध्ये भारतीय मुलांसाठी तयार केली, तिचा तोंडी भाग आणि करून दाखवायचा भाग वेगळे आहेत, तर करून दाखवायचा भाग तेवढा घेता येतो. सहा वर्षं पूर्ण लागतात, तुमचा मुलगा बसतो त्यात. आणि ऐकू न येणाऱ्या मुलांसाठी वापरतात अशा लायटर, हिस्की-नेब्रास्का या टेस्ट आहेत, लायटरमध्ये तर सूचनाही हावभावांनीच द्यायच्या असतात, पण किट महाग असल्यामुळे सगळीकडे मिळणार नाहीत.

मुंबईत वांद्रे रेक्लमेशनला अली यावर जंग संस्था आहे, १९८३ पासूनची केंद्र सरकारची, वाणी आणि श्रवणाचंच काम, तिथे ऑडिओलॉजी आणि सायकॉलॉजी एका छताखाली मिळतं. एवढं लांब जमत नसेल तर आधी जिल्ह्याच्या शीघ्र हस्तक्षेप केंद्रात चौकशी करा, १८ वर्षांपर्यंतच्या मुलांना तिथे बघतात. मात्र टेस्ट करणारे आरसीआय (भारतीय पुनर्वास परिषद) नोंदणी असलेले क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट आहेत का ते विचारून घ्या.

गुरुजी_निवृत्त

भाटियाची टेस्ट पण आहे की. आमच्या बी.एड.ला होती, निरक्षर मुलांसाठी केलेली, सगळं हाताने करायचं. ती करून बघा.

शब्दाविना

सर, भाटिया चांगली टेस्ट आहे पण ती ११ ते १६ वयासाठी आहे, हा सहा वर्षांचा आहे. आणि तुम्ही विषय काढलात ते बरं झालं, कारण तिच्या पाच भागांपैकी एक भाग आवाज लक्षात ठेवण्याचा आहे, म्हणजे ऐकून परत म्हणायचं. १९५५ सालची परफॉर्मन्स म्हणजे करून दाखवायची टेस्ट, नावात कुठेही भाषा नाही, आणि तरी बहिऱ्या मुलाचे पाचातल्या एका भागात मार्क जाणारच. म्हणून नुसतं 'नॉनव्हर्बल' हे लेबल बघून थांबू नका ताई. मूल उत्तर कसं देतं हा एक प्रश्न झाला, त्याला काय करायचंय ते सांगितलं कसं हा दुसरा, आणि पालक सहसा पहिलाच विचारतात. मिसिकचे ठोकळे हाताने लावायचे असले तरी ते कसे लावायचे हे तोंडाने मराठीतून सांगितलं तर परत भाषा आलीच मध्ये. आधी एक-दोन नमुने करून दाखवले का, त्याला कळलंय याची खात्री करून मग घड्याळ लावलं का, हे विचारा.

अजून एक, या टेस्टचे नॉर्म, म्हणजे मुलाचे मार्क ज्यांच्याशी ताडून बघतात ते आकडे, जुने आहेत. जुन्या नॉर्मवर आजच्या मुलांचा आकडा जरा चढाच येतो, त्यामुळे एखाद्या टेस्टमध्ये ११० आला तर हुरळून पण जाऊ नका. एकापेक्षा जास्त टेस्ट मिळून काय दिसतंय ते बघायचं.

नागपूरवाले_बाबा

ताई, तुमची पोस्ट वाचून जुने दिवस आठवले. माझी मुलगी आता आठवीत आहे. तिला पाच वर्षांची असताना एकीकडे ५८ दिला होता. तिचा लॉस तुमच्या मुलापेक्षा जास्त आहे.

आम्ही दुसऱ्या ठिकाणी नेलं तिथलं सांगतो कारण त्यावरून तुम्हाला फरक कळेल. त्या मॅडमनी पहिली वीस मिनिटं टेस्ट काढलीच नाही. खाली सतरंजीवर बसल्या, तिच्याबरोबर गाडी गाडी खेळल्या, मशीनचा सेल चालू आहे का ते स्वतः कानाला लावून बघितलं, खिडकीतून उजेड त्यांच्या तोंडावर येईल अशा बसल्या म्हणजे तिला ओठ दिसावेत. मग तो लाकडी पाट काढला. तोंडातून एक शब्द नाही काढला, एक तुकडा उचलला, गोल, गोल खाचेत टाकला, तिच्याकडे बघून मान हलवली. मग सगळे तुकडे काढून ढीग केला आणि हात पुढे केला, आता तू. पोरीने पहिल्या वेळी चांदणी आणि अधिकचं चिन्ह यात घोळ घातला, चांदणी दाबून दाबून बसवायला बघत होती, मग थांबली, फिरवून बघितली, बाजूला ठेवली. दुसऱ्या वेळी घोळ नाही. तिसऱ्या वेळी तर हात थांबलाच नाही तिचा. तीनदा करून घेतात आणि सगळ्यात कमी वेळ लागला तो धरतात. मी कोपऱ्यात बसलो होतो, मला आत बसू दिलं होतं, आणि मला तेव्हा पहिल्यांदा कळलं की पोरगी शिकतेय कशी ते. तिचा आकडा नव्वदच्या पुढे आला.

रिपोर्टमध्ये त्यांनी स्पष्ट लिहिलं की तोंडी चाचणी ऐकण्याच्या अडचणीमुळे घेतलेली नाही, आकडा फक्त अवाचिक चाचण्यांवरचा आहे, आणि वर्षाने परत बघावं. तुम्ही पण असं वाक्य लिहून मागा, शाळेसमोर ठेवायला त्याचा फार उपयोग झाला आम्हाला.

शाळेचं म्हणाल तर २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात आहे की ज्याला ४० टक्के किंवा जास्त दिव्यांगत्व आहे अशा ६ ते १८ वयाच्या मुलाला जवळच्या साध्या शाळेत किंवा विशेष शाळेत, त्याच्या पसंतीच्या, मोफत शिकता येतं. पसंती तुमची आहे, मुख्याध्यापकांची नाही. हे भांडून नाही, शांतपणे लेखी द्या. आणि यूडीआयडी, म्हणजे दिव्यांगत्वाचं ओळखपत्र, काढायचं असेल तर आत्ता कानाचं काढा. दोन्ही कानांना ७० च्या वर लॉस आहे म्हणजे तो कायद्याने कर्णबधिर आहेच. बुद्धीचा शिक्का दुसरी टेस्ट होईपर्यंत कशावरच लागू देऊ नका.

खुणांची_बाई

मी बावीस वर्षं कर्णबधिर शाळेत शिकवतेय. वरच्या दोघांशी सहमत आहे, फक्त दोन गोष्टी जोडते.

पहिली, वेळ लावून करायच्या कामात आमची मुलं मागे पडतात त्याचं कारण नीट बघा. ऐकणारं मूल ठोकळ्यांकडे बघत बघत सूचना ऐकतं. आमचं मूल एक तर ठोकळे बघेल नाहीतर तुमचा चेहरा. दोन ठोकळे लावले की मान वर करतं, बरोबर चाललंय का ते तुमच्या तोंडावर वाचतं, मग परत खाली. दर वेळी दोन-तीन सेकंद जातात. ज्याला सवय नाही तो टेस्टर लिहितो की लक्ष एकाग्र होत नाही. माझ्याकडे असे रिपोर्ट घेऊन आलेली मुलं आहेत, आणि त्यांच्याइतकं टक लावून बघणारी मुलं मी दुसरीकडे बघितली नाहीत.

व्हाइनलँड पण करतील तुमची, म्हणजे आईला विचारून भरायची ती, मूल रोजचं काय काय करतं याची. तिच्या आठ भागांतला एक संवादाचा आहे. तिथे मार्क कमी येणारच, त्यावरून बाकीचं ठरवू देऊ नका. स्वतःचं जेवण, कपडे, घरातली कामं याची उत्तरं देताना उदाहरणासकट सांगा, हो-नाही वर सोडू नका. कुकरचं जरूर सांगा.

दुसरी गोष्ट जरा कडक वाटेल पण तुमच्या मुलासाठी सांगते. समजा नवीन टेस्टमध्ये आकडा ९५ आला. तुम्हाला हायसं वाटेल आणि वाटायलाच हवं. पण त्या आकड्याने त्याला भाषा येणार नाही. साठ-सत्तर शब्दांवर पहिलीचं पुस्तक पेलत नाही, डोकं कितीही चालत असू दे, आणि बाई म्हणतात डोक्यात जात नाही ते म्हणूनच, ते त्याच्या कानापर्यंतच येत नाहीये. आठवड्यातून एक तास फार कमी आहे. घरी खुणा सुरू करा. खुणा केल्या तर बोलणं येणार नाही ही भीती मनातून काढा, मी इतक्या मुलांना दोन्ही करताना बघितलंय. तिसरी शिट्टी झाली हे तो बोटं मोडून तुम्हाला सांगतोय, म्हणजे खूण त्यानेच सुरू केलीय, तुम्ही तिला उत्तर द्यायला लागा.

आणि साध्या शाळेत ठेवायचं की कर्णबधिर शाळेत याचा विचार करा, दोन्हीत कमीपणा नाही. मतिमंद शाळेचा विचार सध्या बाजूला ठेवा.

लेक_६८च्या_बाबांची

विषय लहान मुलांचा आहे तरी लिहिते कारण मोठ्यांचं पण असंच होतं. माझे बाबा ६८ चे, दोन वर्षांपूर्वी डाव्या मेंदूत स्ट्रोक झाला, उजवा हात गेला आणि बोलणं गेलं, अफेजिया. विचारलेलं अर्धं कळायचं, बोलायला गेले की "ते ते ते" एवढंच. वॉर्डात सगळे त्यांच्यासमोरच बोलायचे की आता यांना काही समजत नाही, विस्मृती आहे, आणि बाबांच्या डोळ्यातून पाणी यायचं. एकाने तर तारीख, वार, पंतप्रधान कोण असले प्रश्न विचारून कागदावर शून्य लिहिलं.

नंतर एक स्पीच थेरपिस्ट मिळाल्या, त्यांनी वर सांगितलीय तीच रंगीत मॅट्रिसेस आणली, अफेजियाच्या तपासणीत ती पण घेतात म्हणाल्या. बाबांना उजव्या बाजूचं नीट दिसत नव्हतं, तर त्यांनी उत्तराचे सहा तुकडे आडवे न ठेवता एकाखाली एक उभे लावले म्हणजे एकही नजरेतून सुटू नये. बाबा आयुष्यभर गिरणीत डिझाइन विभागात होते, साडीच्या काठांच्या नक्ष्या. डाव्या हाताच्या बोटाने एकेक दाखवत गेले, शेवटी शेवटी दोन-चार चुकले, ३६ पैकी २९ आले. थेरपिस्ट काही बोलायच्या आधी बाबांनी कागद स्वतःकडे ओढला आणि एक चुकलेलं चित्र परत बघायला लागले.

त्या दिवसापासून घरात कोणी त्यांना वगळून बोलत नाही. पैशाचे निर्णय पण त्यांना चित्रं, आकडे दाखवून विचारतो आम्ही. ताई, टेस्ट परत कराच.

कागदपत्रं_जपा

वकील आहे, एवढंच सांगतो. न्यूयॉर्कमध्ये हॉफमन नावाचा खटला झाला होता. १९५७ मध्ये बोलण्यात मोठा दोष असलेल्या पाच वर्षांच्या मुलाची शाळेच्या सायकॉलॉजिस्टने स्टॅनफर्ड-बिने ही आय क्यूची टेस्ट घेतली, बरीचशी तोंडी, ७४ आला. साध्या वर्गात बसायला ७५ लागत होते. एका मार्कासाठी मतिमंदांच्या वर्गात गेला. दोन वर्षांच्या आत परत तपासा असं त्याच रिपोर्टमध्ये लिहिलेलं होतं, ते कोणी केलंच नाही. त्याआधी एका वाचादोषाच्या दवाखान्यात न बोलता केलेल्या चाचणीत त्याला ९० मिळाले होते, तो कागद कोणी जोडला नाही. सगळं शालेय वय त्या वर्गांत गेलं आणि अठराव्या वर्षी तपासल्यावर तो सर्वसाधारण बुद्धीचा निघाला. ज्यूरीने भरपाई दिली पण १९७९ मध्ये वरच्या कोर्टाने ती काढून घेतली, शिक्षणातले निर्णय कोर्टाने तपासू नयेत म्हणून.

हे वाचून माझी झोप उडाली होती कारण माझा पुतण्या बोलताना अडखळतो. म्हणून सांगतो, परत तपासण्याची तारीख कॅलेंडरवर स्वतः लिहा, शाळेवर सोडू नका, आणि आतापर्यंतचा प्रत्येक कागद एका फाईलला लावा, ऑडिओग्रामपासून.

सहा_वर्षांच्याची_आई

तुम्हा सगळ्यांचे आभार कसे मानू कळत नाही, काल रात्री हे सगळं नवऱ्याला वाचून दाखवलं, सासूबाई पण बसून ऐकत होत्या.

नागपूरवाले बाबा, तुमच्या त्या सेलच्या गोष्टीवरून मला एकदम आठवलं आणि पोटात खड्डा पडला. टेस्टच्या दिवशी त्याच्या मशीनचा मोल्ड, म्हणजे कानात बसवायचा साचा, सैल झाला होता, वाढत्या वयात होतो तसा, त्यामुळे मशीन शिट्टी मारत होती. आत नेताना त्यांनी मला सांगितलं की त्या आवाजाने डिस्टर्ब होतं, काढून ठेवा. मी काढून पर्समध्ये ठेवली. म्हणजे तो सगळा अर्धा तास मशीनशिवाय बसला होता आणि मीच ती काढली होती. रिपोर्टमध्ये त्याचा उल्लेख सुद्धा नाही.

आज सकाळी नवीन मोल्डचं माप देऊन आलो, आठ दिवसांत येईल. वांद्र्याला फोन लावतोय, यांचे मामेभाऊ कुर्ल्याला राहतात, उतरायची सोय होईल. शाळेला लेखी दिलं की दुसरी तपासणी होईपर्यंत दाखला काढणार नाही. बाईंनी घेतलं, फार काही बोलल्या नाहीत.

एक विचारायचं राहिलं, तोपर्यंत घरी त्याच्याकडून ती रेव्हनची चित्रं करून घेऊ का, मोबाईलवर दिसतायत, म्हणजे त्या दिवशी घाबरणार नाही.

शब्दाविना

नको ताई, तीच चित्रं आधी केलेली असली तर येणारा आकडा त्याचा राहणार नाही, आणि मग खरं काय ते तुम्हालाच कळणार नाही. साधी जिगसॉ, ठोकळे, मणी ओवणं, त्याला आवडेल ते खेळू द्या. नवीन मोल्ड बसल्यावर चार-पाच दिवस त्याला सवय होऊ द्या, मगची तारीख घ्या. जाताना जास्तीचे सेल न्या, सकाळची वेळ मागा, पोट भरलेलं असू दे. आणि मशीन कोणी काढायला सांगितली तर काढू नका.